न वटलेला चेक आणि तडजोडीचा कागद



वसंत व्याख्यानमालेला लोक दिवसभराचा उकाडा संपल्यावर येतात, आणि त्यांना ज्ञानेश्वरी, शिवचरित्र किंवा हिमालयाचा प्रवास ऐकण्याची सवय असते. चालकांनी आम्हांस विषय विचारला तेव्हा आम्ही 'न वटलेले चेक आणि त्यांच्या खटल्यांतील तडजोड' असे सांगितले. चिटणीस क्षणभर गप्पच राहिले. विषय रुक्ष आहे खरा. पण ज्यांच्या घरात, भावकीत किंवा कारखान्यात शेजारच्या मशीनवर एकशे अडतीसचा एकही खटला नाही असे श्रोते या मांडवात किती निघतील, याची आम्हांस शंका आहे.

आम्ही कामगार संघटनेचे काम करणारी माणसे. वकिलीची सनद आमच्याकडे नाही आणि कॉलेजचे तोंडही आम्ही पाहिलेले नाही. कायदा शिकलो तो मुदती चुकू नयेत म्हणून, गरजेपुरता. मात्र तडजोड हा आमचा रोजचा धंदा आहे. मालकाशी करार करताना कोणत्या शब्दावर अडून बसावे आणि कोणता सोडून द्यावा, हे तीस वर्षे टेबलाच्या एका बाजूला बसून आम्ही पाहत आलो. चेकच्या खटल्यांतली तडजोड पाहू लागलो तेव्हा ध्यानात आले, की तिथेही तेच नियम चालतात. फक्त तिथे कामगार एकटा असतो आणि त्याच्या मागे संघटना नसते.

प्रथम कायदा किती जुना ते सांगतो. चेक, हुंडी, वचनचिठ्ठी यांचा कायदा १८८१ सालचा. त्यात चेक न वटणे हा गुन्हा नव्हता. पैसे बुडाले तर दिवाणी दावा लावायचा, एवढाच मार्ग होता. १९८८ साली संसदेने त्या कायद्याला सतरावे प्रकरण जोडले, आणि १ एप्रिल १९८९ पासून कलम १३८ अमलात आले. चेकवर लोकांचा विश्वास बसावा, व्यापार रोखीतून बँकेत यावा, असा हेतू सांगण्यात आला. शिक्षा प्रथम एक वर्षाची होती. २००२ च्या दुरुस्तीने ती दोन वर्षांपर्यंत नेली, किंवा चेकच्या दुपटीइतका दंड, किंवा दोन्ही. पण गंमत अशी, की ज्या दुरुस्तीने शिक्षा वाढवली तिनेच कलम १४७ घातले. या प्रकरणातील प्रत्येक गुन्हा आपसांत मिटवता येईल, असे ते कलम म्हणते. एका हाताने छडी उगारली, दुसऱ्या हाताने दार उघडे ठेवले.

याचा अर्थ नीट समजून घ्यावा. खून, दरोडा यांत फिर्यादीने माफ केले म्हणून सरकार सोडत नाही. इथे सोडते, कारण सरकारलाही ठाऊक आहे की या खटल्याच्या पोटात चोर नसून येणे-देणे आहे. २०२१ साली सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती नरिमन यांच्या पीठाने या खटल्याला लांडग्याचे कातडे पांघरलेल्या मेंढराची उपमा दिली. वरून फौजदारी, आतून दिवाणी. आम्ही ते वाचले आणि म्हटले, हे तर आमच्या रांजणगाव शेणपुंजीतल्या एखाद्या म्हातारीनेही सांगितले असते.

कर्जापायी माणसाला तुरुंगात घालावे की नाही, हा वाद महाराष्ट्राला नवा नाही. न्यायमूर्ती रानड्यांनी पुण्यात वसंत व्याख्यानमाला सुरू केली ते वर्ष १८७५. आणि त्याच वर्षीच्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरातले कर्जरोखे बाहेर काढून जाळले. पुढे १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी जो कायदा झाला, त्यातल्या दोन गोष्टी आज आठवण्यासारख्या आहेत. पैशाच्या हुकूमनाम्यापायी शेतकऱ्याला कैदेत टाकायचे नाही, ही एक. दुसरी अशी, की सावकाराने दाव्यापूर्वी सरकारने नेमलेल्या तडजोड-पंचापुढे जायचे, आणि तिथे मिटले नाही असा दाखला आणल्यावरच कोर्टाने दावा घ्यायचा. हा कायदा पुणे, सातारा, सोलापूर व नगर या चार जिल्ह्यांसाठी होता. कायगाव टोक्याला गोदावरी ओलांडली की तो लागू, अलीकडे आपल्या गंगापूर तालुक्यात निजामाचा अंमल. म्हणजे तडजोड आधी आणि कोर्ट नंतर, हा क्रम आपल्या नदीपलीकडे दीडशे वर्षांपूर्वी कायद्याने घालून दिला होता. १९८० साली न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी तेच तत्त्व सर्व देशासाठी पुन्हा सांगितले: निव्वळ पैसा नाही म्हणून ऋणकोला दिवाणी तुरुंगात टाकता येणार नाही, तो लबाडीने देत नसेल तर गोष्ट वेगळी. आणि नऊ वर्षांनी चेकच्या वाटेने फौजदारी तुरुंग आला.

आता वाळूजकडे येऊ. १९८५ साली बजाज ऑटोचा कारखाना इथे सुरू झाला, त्याच्याभोवती सुटे भाग करणारी वर्कशॉपे उभी राहिली, त्यांच्याभोवती आणखी लहान शेड, आणि त्या सर्वांभोवती बजाजनगर, पंढरपूर, जोगेश्वरी, वडगाव कोल्हाटी इथल्या खोल्या. या वस्तीत पैसा साखळीने फिरतो. मोठा कारखाना बिल काढतो तेव्हा मधल्या कारखानदाराला पैसे मिळतात, तो लहान शेडवाल्याला देतो, शेडवाला पोलादवाल्याला आणि कामगाराला. या साखळीत तारखेचे चेक आधीच सही होऊन पुढे गेलेले असतात. एक कडी अडली की मागचे चार चेक परत येतात.

आमच्या ओळखीच्या एका शेडवाल्याचे असेच झाले. तीन लेथ मशीन, सात कामगार. त्याचे बिल वरच्या कारखानदाराने चार महिने अडवले. त्याने पोलादवाल्याला दिलेला दोन लाखांचा चेक परत आला, आणि पाठोपाठ आमच्या सात पोरांच्या पगाराचेही तेच झाले. म्हणजे एकाच माणसाविरुद्ध आम्हीही फिर्यादी आणि पोलादवालाही फिर्यादी. आणि तो स्वतः वरच्याकडे पैसे मागत फिरतो. लहान उद्योगाचा माल घेतला तर पंचेचाळीस दिवसांच्या आत पैसे द्यावेत, असे २००६ चा सूक्ष्म व लघु उद्योगांचा कायदा सांगतो. उशीर झाल्यास बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज, आणि दाद मागायला परिषद. पण शेडवाला म्हणतो, अर्ज केला तर पुढची ऑर्डर कोण देईल? त्याचे हे म्हणणे खोटे म्हणता येत नाही.

अशा माणसाला दोन वर्षे कैद झाली तर आमच्या पोरांना काय मिळेल? तीन लेथ बंद पडतील. आम्ही त्या दिवशी ठरवले, की या माणसाशी तडजोड करायची. पण बिनमुदतीची नाही.

इथे कायद्यातल्या तारखा सांगणे भाग आहे, कारण तडजोडीच्या गोडगोड बोलण्यात नेमक्या त्याच निसटतात. चेक त्यावरच्या तारखेपासून तीन महिने चालतो. २०१२ च्या एप्रिलपूर्वी सहा महिने होते. चेक परत आल्याचे बँकेने कळवल्यापासून तीस दिवसांच्या आत लेखी नोटीस गेली पाहिजे. नोटीस पोचल्यापासून पंधरा दिवसांत त्याने रक्कम दिली, तर गुन्हा झालाच नाही. न दिली, तर त्यानंतर एक महिन्याच्या आत फिर्याद. फिर्यादीला उशीर झाल्यास सबळ कारण दाखवून न्यायालयाकडे माफी मागता येते. नोटिशीचे तीस दिवस मात्र गेले की गेले. चेकची मुदत शिल्लक असेल तर तो पुन्हा बँकेत टाकून, पुन्हा परत आल्यावर नव्याने नोटीस देता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली सांगितले आहे. एवढाच एक आधार.

आमच्याकडे एका ठेकेदाराचे अकरा कामगार आले होते. हिशेबाचे चेक परत आलेले. ठेकेदार म्हणे, "दादा, घाई कशाला करता, पुढच्या सोमवारी टाका." सोमवारामागून सोमवार गेले. आले तेव्हा नऊ जणांचे तीस दिवस संपलेले, चेकची मुदतही संपत आलेली. दोघांनी न विचारता नोटीस पाठवली होती. त्यांचेच पैसे आधी आले. बोलणी जरूर करावीत. पण बोलणी चालू असताना नोटीस पाठवणे हा विश्वासघात नव्हे. संपाची नोटीस दिल्यावरही आम्ही मालकाशी बोलतच असतो, आणि बहुतेक वेळा नोटीस दिल्यावरच बोलणे खऱ्या अर्थाने सुरू होते.

आता दुसरी बाजू. कामगार चेक घेणारा कमी आणि देणारा अधिक असतो. मुलीचे लग्न, आजारपण, प्लॉटचा हप्ता. पतसंस्थेकडे किंवा फायनान्सवाल्याकडे जायचे, आणि ते फॉर्मबरोबर पाचसहा कोऱ्या चेकवर सह्या घेतात. आता नव्या कर्जात बहुधा चेकऐवजी बँकेला कायमची आज्ञा देतात, हप्ता खात्यातून आपोआप जातो. तो हप्ता परत गेला तरी सुटका नाही. २००७ च्या देयक व्यवस्थांच्या कायद्यातले कलम २५ जवळजवळ एकशे अडतीससारखेच आहे. आणि "चेक कोरा होता, रक्कम त्यांनी भरली" हा बचाव एकट्याने टिकत नाही. सही आपली असली की चेक देण्यापोटीच दिला असे न्यायालय आधी धरून चालते. तसे नव्हते हे दाखवण्याचा भार सही करणाऱ्यावर. म्हणून आम्ही शाखेच्या प्रत्येक सभेत सांगतो, की कोरा चेक देणेच भाग असेल तर त्याचा क्रमांक आणि तो कशासाठी दिला हे लिहून त्यांची पोच घ्या. लोक मान डोलावतात आणि तसेच देतात. नड असलेल्या माणसाला पोच मागण्याची लाज वाटते.

चेक परत गेल्यावर पहिली येते ती भीती. वसुलीवाला दारात येऊन म्हणतो, उद्या पोलीस गाडी येईल. हे साफ खोटे आहे. या गुन्ह्यात पोलीस आपण होऊन कोणाला धरत नाहीत. चेक ज्याच्या नावे आहे त्याने लेखी फिर्याद दिली तरच न्यायालय दखल घेते, प्रथम समन्स निघते, आणि गुन्हा जामीनपात्र आहे. वॉरंट निघते ते बहुधा तारखेला गैरहजर राहिल्याने. आणि आमची माणसे गैरहजर राहतात त्याला कारण आहे. २०१५ च्या दुरुस्तीनंतर खटला चालतो तो पैसे घेणाऱ्याचे खाते ज्या शाखेत असेल तिथे. फायनान्सवाल्याचे खाते मुंबईत असेल, तर वाळूजच्या कामगाराने तारखेला मुंबई गाठायची, दोन दिवसांचा पगार बुडवायचा, आणि तिथे पुढची तारीख घेऊन परत यायचे. याच भीतीपोटी तो नोटीस न वाचता गादीखाली ठेवतो. वास्तविक नोटीस हातात पडल्यावरचे ते पंधरा दिवस ही कायद्यातली सर्वांत स्वस्त तडजोड आहे. त्या दिवसांत भिशी मोडावी, नातलगाकडे हात पसरावा, संघटनेच्या निधीकडे यावे.

ते दिवस गेले, फिर्याद झाली, तरी दार बंद होत नाही. फक्त उंबरठा उंच होत जातो. ३ मे २०१० रोजी सरन्यायाधीश बालकृष्णन यांच्या पीठाने ठरवून दिले होते, की पहिल्या-दुसऱ्या तारखेला मिटवले तर खर्च नाही; त्यानंतर त्याच न्यायालयात मिटवले तर चेकच्या दहा टक्के, अपिलात पंधरा, सर्वोच्च न्यायालयापर्यंत ओढत नेले तर वीस टक्के रक्कम विधी सेवा प्राधिकरणाकडे भरावी. २५ सप्टेंबर २०२५ रोजी न्यायमूर्ती मनमोहन यांच्या पीठाने हे दर उतरवले. आरोपीने आपल्या बचावाचा पुरावा नोंदवला जाण्यापूर्वी पैसे भरले तर काही नाही. त्यानंतर पण निकालापूर्वी पाच टक्के. सत्र किंवा उच्च न्यायालयात साडेसात. सर्वोच्च न्यायालयात दहा. आमच्या शेडवाल्याचा दोन लाखांचा चेक घ्या: पूर्वी उशीर केला तर वीस, तीस, चाळीस हजार, आता दहा, पंधरा, वीस. हे पैसे फिर्यादीला मिळत नाहीत, हे ध्यानात ठेवावे. न्यायालयाचा वेळ उशिरापर्यंत खाल्ल्याची ती किंमत आहे. आणि वेळ किती खाल्ला जातो? २०१९ सालच्या अखेरीस देशात तुंबलेल्या २ कोटी ३१ लाख फौजदारी खटल्यांपैकी ३५ लाख १६ हजार केवळ चेकचे होते. कायदा सांगतो, सहा महिन्यांत खटला संपवण्याचा यत्न करावा. यत्न चालू आहे.

तो २०२५ चा निकाल गोव्यातल्या खटल्यातला. सहा लाखांचा चेक. आरोपीचे म्हणणे, मित्राला बँकेत दाखवून कर्ज मिळावे म्हणून आपण कोरा चेक सही करून दिला. उच्च न्यायालयाने सोडले होते. सर्वोच्च न्यायालयाने ती कथा मानली नाही, शिक्षा कायम केली, पण पैसे कसे द्यायचे ते सांगताना साडेसात लाखांचे पंधरा मासिक हप्ते पाडून दिले, दरमहा पन्नास हजार. देशाच्या सर्वांत वरच्या न्यायासनाला हप्ता बांधून देण्यात कमीपणा वाटला नाही. मग आपल्या गावातला पतसंस्थेचा व्यवस्थापक "एकरकमीच हवे" म्हणून अडून बसतो तेव्हा त्याला हे खुशाल सांगावे.

मात्र सक्तीची तडजोड नाही. आरोपी पूर्ण रक्कम घेऊन उभा असला तरी फिर्यादीच्या संमतीवाचून न्यायालय गुन्हा मिटवू शकत नाही. २०१२ साली आणि पुन्हा २०२४ साली सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले. अगदी असाधारण परिस्थितीत त्या न्यायालयाने आपला खास अधिकार वापरून खटला बंद केल्याचेही उदाहरण २०२४ सालचेच आहे, पण तो अधिकार खालच्या न्यायालयांपाशी नाही. फिर्यादी चेकच्या रकमेहून अधिक मागत हटून बसला, तर आरोपीला गुन्हा कबूल करण्याचे सुचवून न्यायालयाने सौम्य मार्ग शोधावा, परिवीक्षेवर सोडण्याचाही विचार करावा, असे २०२५ च्या निकालात आहे. परंतु कबुली म्हणजे दोषसिद्धी, आणि तडजोड म्हणजे निर्दोष सुटका. ज्याला उद्या दुसरीकडे नोकरीचा फॉर्म भरायचा आहे, त्याने या दोहोंतला फरक वकिलाकडून नीट समजून घेतल्याखेरीज तोंड उघडू नये.

आता ज्यासाठी आम्ही इतका वेळ घेतला तो कागद. तडजोड तोंडी करू नये, आणि छापील फॉर्मवर तर मुळीच करू नये. कामगार करारात आम्ही पहिली ओळ वाचतो ती आकड्याची; इथेही तसेच. एकूण किती, त्यात व्याज किती, आधी भरलेले किती वजा धरले. आमच्या एका सभासदाने बावीस हजार भरले होते, पावत्या घरात होत्या, आणि तडजोडीच्या कागदावर मूळ रक्कम पूर्ण लिहिलेली होती. सहीच्या आधी कोणीतरी विचारले म्हणून वाचला. मग हप्त्याची तारीख. पगार सात तारखेला होत असेल तर हप्ता पाच तारखेचा घेणे म्हणजे पहिल्याच महिन्यात चूककर्ता ठरणे. दहा किंवा बारा तारीख मागावी. फारसे कोणी नाकारत नाही, पण मागावी लागते. हप्ता किती पेलेल ते घरी विचारून ठरवावे. कोर्टाच्या पायऱ्यांवर वकील, फिर्यादी आणि कारकून यांच्या गराड्यात माणूस दहा हजारही कबूल करतो, आणि घरी बायको सांगते की दूधवाल्याचेच तीन महिन्यांचे थकले आहे.

एक हप्ता चुकला तर काय, हे लिहिलेले असावे. सर्वच रक्कम त्या क्षणी देय, अशी ओळ ते घालतात. त्यात निदान पंधरा दिवसांची सवड आणि लेखी सूचना आम्ही घालून घेतो. मग येतात जुने चेक. ज्याच्यावर खटला आहे तो एक, पण कपाटात आणखी चार कोरे पडलेले असतात. त्यांचे क्रमांक लिहून, शेवटच्या हप्त्याबरोबर ते सर्व परत, आणि या व्यवहारापोटी दुसरा खटला नाही, असे नमूद करून घ्यावे. दुसरा खटला, दुसरी नोटीस आधीच चालू असेल तर तिचाही क्रमांक त्यातच.

आणि सर्वांत मोठा सापळा: हप्त्यांसाठी नवे चेक. फिर्यादी म्हणतो, जुना खटला राहू दे, हप्त्याचे बारा चेक द्या. म्हणजे एका खटल्याच्या जागी तेरा. सर्वोच्च न्यायालयाने ८ ऑक्टोबर २०२१ रोजी यावर एक बरे केले. तडजोडीचा करार झाला की जुन्या चेकची फिर्याद त्या करारात विरघळते. करारातला नवा चेक परत आला तर त्यावर नवा खटला होऊ शकतो, पण जुना आणि नवा असे दोन्ही खटले एकाच देण्यासाठी एकाच वेळी चालवता येत नाहीत. एवढे असूनही आमचा सल्ला असा, की शक्य तिथे हप्ते थेट खात्यात भरावेत आणि नवे चेक देऊ नयेत. चेकच्या खटल्यातून बाहेर पडायला चेकच द्यावा लागणे हे आम्हांस रुचत नाही.

कागद तयार झाला की तो न्यायालयात पुरसीस म्हणून दाखल करायचा, दोघांनी न्यायाधीशांसमोर उभे राहून कबूल करायचा. किंवा लोकअदालतीत न्यायचा. लोकअदालतीच्या निवाड्याला दिवाणी हुकूमनाम्याचे बळ असते, त्यावर अपील नाही, भरलेला कोर्ट-स्टँप परत मिळतो. चेकच्या फौजदारी खटल्यात झालेला निवाडाही दिवाणी न्यायालयातून बजावून घेता येतो, हे २०११ पासून पक्के आहे. अपील नाही, हा गुणही आहे आणि धोकाही. लोकअदालतीच्या दिवशी गर्दी असते, आकडे मोजायचे असतात, मिटलेल्या प्रकरणांची संख्या संध्याकाळी जाहीर व्हायची असते. त्या घाईत आमच्या माणसाने आदल्या रात्री वाचलेलाच कागद पुढे करावा. तिथे वाचायला मिळेल या भरवशावर जाऊ नये.

फिर्यादी कामगार असेल तर २०१८ च्या दुरुस्तीने एक साधन दिले आहे. खटला चालू असतानाच चेकच्या वीस टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाई मागता येते. ती आपोआप मिळत नाही, न्यायालयाच्या विवेकावर आहे, असे २०२४ साली ठरले. पण अर्ज पडला की समोरचा बोलणीला लवकर बसतो.

२०२० च्या जूनमध्ये केंद्र सरकारने हा गुन्हाच रद्द करावा काय, अशी विचारणा केली होती. व्यापारी संघटनांनी विरोध केला, आणि कलम जिथल्या तिथे राहिले. आमच्या कार्यालयात त्या वेळी दोन तट पडले. ज्यांच्यावर पतसंस्थेचे खटले होते ते म्हणाले, जाऊ दे हे कलम. ज्यांच्या हिशेबाचे चेक ठेकेदाराने परत पाठवले होते ते म्हणाले, हेच एक कलम आहे ज्याला तो भितो. एकाच बाकावर बसलेली माणसे. आमचे मत दुसऱ्या बाजूला झुकले, अजूनही तिकडेच आहे. पण नगरच्या शेतकऱ्यासाठी १८७९ साली जो क्रम होता, आधी पंच आणि मग कोर्ट, तो निदान लहान रकमांना लावावा असे आम्हांस मनापासून वाटते. आज पंच भेटतो तो खटला दोन वर्षे चालल्यावर, आणि तोवर व्याज, वकील व बुडालेले खाडे मिळून चेकच्या रकमेला गाठत आलेले असतात.

शेडवाल्याचे काय झाले ते सांगायचे राहिले. सात कामगारांनी आणि पोलादवाल्याने एकाच दिवशी, एकाच टेबलावर बसून लिहून घेतले: वरच्या कारखानदाराचे बिल आले की आधी पगार, मग पोलाद, आणि आले नाही तरी दरमहा ठरलेला आकडा. पोलादवाला प्रथम तयार नव्हता. लेथ बंद पडल्यास त्यालाही मोडीच्या भावाने लोखंड परत घ्यावे लागेल, हे त्याच्या मुलाने त्याला समजावले, आम्ही नव्हे. अकरा महिन्यांत पगार पुरे झाले. पोलादवाल्याचे शेवटचे दोन हप्ते लांबले, पण कोणी कोर्टात गेले नाही.

मघाशी एका भगिनीने चिठ्ठी पाठवली आहे: खाते नवरा-बायकोचे, सही नवऱ्याची, नोटीस दोघांच्या नावे, तर बायकोवर खटला चालेल काय? चेकवर जिची सही नाही, तिच्यावर केवळ खाते जोडीचे आहे म्हणून हा खटला चालत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली तसा निकाल दिला आहे. तरी नोटिशीला उत्तर द्यावे, गादीखाली ठेवू नये. विधी सेवा प्राधिकरणाच्या कायद्याप्रमाणे स्त्रियांना आणि औद्योगिक कामगारांना वकील फुकट मिळतो, उत्पन्न कितीही असो. त्यासाठी जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या प्राधिकरणाच्या कार्यालयात साधा अर्ज द्यावा लागतो. येताना नोटीस, ती आलेले पाकीट, बँकेची चिठ्ठी आणि जमतील तेवढ्या पावत्या आणाव्यात. पाकीट मुद्दाम सांगतो, कारण त्यावरच्या शिक्क्यावरून पंधरा दिवस मोजायला मदत होते, आणि लोक नेमके तेच फेकून देतात.